बांगड्यांच्या वरचा मोबाइलवाला, म्हापसा

पाटी नाही, म्हणून नाव लिहीत नाही. म्हापशाच्या बाजारात खाली बांगड्यांचं दुकान आहे, बाजूनं एक अरुंद जिना वर जातो, तिथं हा बसतो. ‘बांगड्यांच्या वरचा मोबाइलवाला’ म्हटलं की लोक बरोबर बोट दाखवतात. मी चार तारे देतेय. पाचवा का कापला ते पुढे येईलच.

आधी काम काय होतं ते सांगते, बिघडलेल्या फोनमधला माझा खेळ नव्या फोनवर आणायचं, कारण या कामासाठी कुणी दुकानात जातं यावर माझ्या घरच्यांचा अजून विश्वास बसलेला नाही. मी चोडणला राहते, नोकरी पणजीला. सकाळी फेरीबोट, मग रायबंदरहून बस, संध्याकाळी तेच उलटं. या जाण्यायेण्यात मी स्टारड्यू व्हॅली खेळते. एरिक बॅरोन नावाच्या माणसानं एकट्यानं बनवलेला, २०१६ साली कॉम्प्युटरवर आलेला हा शेतीचा खेळ. फोनवर एकदाच पैसे भरायचे, जाहिराती नाहीत. माहेर सावईवेऱ्याचं असल्यामुळे मी शेताचं नाव कुळागर (आमच्याकडची सुपारीची बाग) ठेवलं. सुपारी, वेलची या खेळात मिळत नाही, पण हौस. तिथं माझं लग्नही झालंय, समुद्रकिनाऱ्यावर झोपडीत राहणाऱ्या इलियट नावाच्या लेखकाशी. दिसायला बरा आहे, शेतात उपयोग बेताचाच.

या खेळातला एक दिवस साधारण १४ मिनिटांचा, आणि वर्ष ११२ दिवसांचं. म्हणजे एक वर्ष खेळायला सव्वीस तास तरी लागतात. मी सहाव्या वर्षात होते. हा हिशेब मी नवऱ्यासमोर केलेला नाही.

जुलैत एका संध्याकाळी फेरीबोटीवर आडवा पाऊस आला. पर्स छत्रीखाली होती, फोन पर्सच्या बाहेरच्या खणात. घरी पोचेपर्यंत पडदा काळा. फोन जिवंत होता, सासूबाईंनी फोन केला तर थरथरायचा, पण दिसायचं काही नाही. तांदळाच्या डब्यात दोन दिवस ठेवून पाहिला. काही झालं नाही, नुसते तांदळाचे दोन दाणे चार्जिंगच्या भोकात अडकले.

नवा फोन घेतला. पणजीत जिथं घेतला तिथल्या मुलानं सांगितलं, मॅडम, सगळं गूगलवर असतं, जुना फोन रिसेट करून एक्स्चेंजला देऊन टाका. खरोखरच फोटो आले, नंबर आले, व्हॉट्सअॅप आलं. स्टारड्यू उघडलं, आणि समोर फक्त ‘नवीन खेळ’. ‘जुना उघडा’मध्ये काहीच नाही. जुना फोन मी अजून पर्समध्येच ठेवला होता, तो तसाच घरी आणला. एवढी एक गोष्ट त्या दिवशी मी शहाणपणाची केली.

गूगलचा बॅकअप म्हणजे नेमकं काय ते मला या म्हापशाच्या मुलानं समजावलं. हा पेडण्याचा, वय असेल पंचवीस. अँड्रॉइडचा आपोआप होणारा बॅकअप एका अॅपमागे २५ एमबीपर्यंतच घेतो, तोही अॅप बनवणाऱ्यानं नको म्हटलं नसेल तर. फोन चार्जिंगला, वायफायवर आणि पडून असेल तेव्हा तो होतो. काही खेळ गूगलच्या प्ले गेम्स खात्यात स्वतः सेव्ह, म्हणजे खेळ कुठवर आला त्याची नोंद, ठेवतात, पण ती सोय ज्यानं त्यानं आपल्या खेळात घालावी लागते. माझ्या खेळात ती नाही. ऑनलाइन खेळांचं वेगळंच, तिथं सगळं कंपनीच्या सर्व्हरवर, फोनमध्ये वाचवायला काही नसतंच. माझा भाचा असाच एक खेळ पाहुणा म्हणून, म्हणजे खातं न जोडता, खेळतो. त्याला मी घरी येऊन पहिलं काम हे सांगितलं की खात्याला जोड, नाहीतर फोन गेला की खेळही गेला.

मी गेले तो शुक्रवार होता. म्हापशाचा शुक्रवार म्हणजे बाजाराचा दिवस, गाडी लावायला जागा नाही, जिन्याच्या तोंडाशी मिरच्यांची पोती. त्यानं फोन हातात घेतला, चार्जर लावला, थरथर ऐकली आणि म्हणाला, “डेटा आसा. पडदो गेला.” नवा पडदा बसवायचा आग्रह त्यानं धरला नाही, तीन वर्षं जुन्या फोनला एवढा खर्च परवडत नाही असं स्वतःच सांगितलं. (मला हे फार आवडलं. दुसऱ्या एका ठिकाणी आधी साडेचार हजार सांगितले होते.) त्याच्याकडे त्याच मॉडेलचा एक जुना, कोपऱ्यात तडा गेलेला पडदा होता. फोनची पाठ गरम करून उघडली, तो पडदा तात्पुरता जोडला, आणि माझा जुना वॉलपेपर, दिवाडच्या बोंदेरा उत्सवाचा फोटो, टेबलावर आडवा पडून उजळला.

पॅटर्न काढायची वेळ आली तेव्हा तो म्हणाला, “तुमचें तुमी घाला,” आणि तोंड फिरवून पंख्याकडे बघत बसला. चार ताऱ्यांमधला एक यासाठी.

सेव्ह फाइल कुठं असते हे मला वाटत होतं त्याहून सरळही निघालं आणि वाकडंही. अँड्रॉइडवर खेळ आपली माहिती दोन जागी ठेवू शकतात. एक जागा आतली, अॅपची खासगी. ती रूट न केलेल्या (म्हणजे आतली कुलपं न काढलेल्या) फोनवर ना आपल्याला दिसते, ना कॉम्प्युटरला. दुसरी जागा बाहेरच्या साठ्यावरचा ‘अँड्रॉइड’ फोल्डर, त्यात ‘डेटा’, त्यात त्या अॅपच्या नावाचा फोल्डर. स्टारड्यू नशिबानं दुसऱ्या जातीतला. पण २०२० मध्ये आलेल्या अँड्रॉइड ११ पासून फोनमधल्या फाइल मॅनेजर अॅप्सना त्या ‘डेटा’ फोल्डरचं दार बंद केलेलं आहे, आणि अँड्रॉइड १३ नं उरलीसुरली फटही बुजवली. म्हणूनच मी नव्या फोनवर तासभर शोधत बसले होते तेव्हा मला फोल्डर रिकामा दिसत होता. त्यानं केबल लावली, फोनवर ‘फाइल ट्रान्सफर’ निवडलं, आणि लॅपटॉपवर तोच फोल्डर पूर्ण उघडला. आपल्याच फोनमधली आपलीच फाइल, फोनला दाखवायला बंदी आणि लॅपटॉपला मोकळीक.

खेळाच्या आधीच्या प्रकाशक कंपनीचं, चकलफिशचं, नाव असलेला फोल्डर, त्यात ‘फाइल्स’, त्यात ‘सेव्ह्ज’, आणि तिथं माझ्या पात्राचं नाव, पुढे खालची रेघ आणि एक लांब आकडा. आत चार फाइल. एक फोल्डरच्याच नावाची, ती खरी. एक लहान, खेळाच्या सुरुवातीच्या यादीत नाव-वर्ष दाखवणारी. आणि दोघींच्या आधीच्या प्रती. सगळं मिळून एका छोट्या व्हिडिओएवढंही नसेल. एवढ्याशा जागेत माझी द्राक्षं, कोंबड्या, इलियट.

त्यानं फोल्डर लॅपटॉपवर घेतला आणि मला वाटलं झालं काम. मी पाकीट काढलं. तर म्हणाला, “रावात. हो बॅकअप न्हय.” (थांबा, हा बॅकअप नव्हे.) नव्या फोनवर खेळ एकदा उघडून बंद करायला लावला, म्हणजे तिथं तसाच फोल्डर तयार होतो. मग केबल नव्या फोनला, फोल्डर आत टाकला, “चालू कर, पळोवया” (बघूया). चालू केला. यादी रिकामी.

माझ्या पोटात खड्डा. त्यानं शांतपणे परत उघडून पाहिलं: ‘सेव्ह्ज’च्या आत आणखी एक ‘सेव्ह्ज’ गेला होता. कॉपी करताना आख्खा फोल्डर उचलला की हे होतं म्हणे. आतला बाहेर काढला, पुन्हा चालू केला, आणि सहावं वर्ष, शरद ऋतू, तारीख १७, कुळागर. उघडून एक दिवस झोपवून, सेव्ह होतंय ना तेही त्यानं मला बघायला लावलं. नंतर चहा आला. तेव्हा त्यानं सांगितलं की पूर्वी एका गिऱ्हाइकाला नुसती कॉपी करून दिली होती, त्यानं जुना फोन विकला, आणि घरी गेल्यावर कळलं की कॉपी अर्धीच झालेली. त्या दिवसापासून उघडून दाखवल्याशिवाय पैसे घ्यायचे नाहीत असा नेम.

दोन गोष्टी त्यानं बजावल्या त्या इथं लिहिते, कामाला येतील. नव्या आवृत्तीत जुनी सेव्ह उघडते, उलटं होईल याची खात्री नाही. तेव्हा जुन्या फोनवर खेळ पुढच्या आवृत्तीचा असेल तर नव्यावरही आधी अपडेट करा. आणि खेळ नीट चालत नाही म्हणून अॅप काढून पुन्हा टाकायची आपल्याला सवय असते, ते करू नका; अॅप काढलं की त्याच्याबरोबर तो ‘डेटा’मधला फोल्डरही जातो. ‘कॅशे साफ करा’ चालेल, त्याच्या बाजूचं ‘डेटा साफ करा’ नाही. दोन्ही बटणं इतकी चिकटून का ठेवली आहेत देव जाणे.

बहिणीकडे आयफोन आहे, तिचंही विचारलं. तिथं फाइल्स अॅपमध्ये एखाद्या खेळाचा फोल्डर तेव्हाच दिसतो जेव्हा बनवणाऱ्यानं ती मुभा दिली असेल; नाहीतर पूर्ण फोनचा बॅकअप हाच मार्ग, आणि आयक्लाउडवर फुकट मिळतात ५ जीबी. जागा कमी पडली तर अॅप ‘डिलीट’ न करता ‘ऑफलोड’ करायचं, त्यात माहिती राहते. याहून जास्त आयफोनच्या भानगडीत तो पडत नाही, तसं स्पष्ट सांगतो.

पैसे: पडदा जोडून फोन उघडायचे ३००, फाइल काढून नव्यावर बसवायचे ५००. वेळ दोन तास, त्यातला अर्धा तास दुसऱ्या गिऱ्हाइकांचा.

आता तारा का कापला. एक, बिल मागितलं तर वहीच्या पानावर लिहून दिलं. दोन, बसायला एकच स्टूल, आणि त्यावर बहुतेक वेळ कुणाचा तरी उघडा लॅपटॉप. तीन, ६५० रुपयांचा जो पेनड्राइव्ह त्यानं मला विकला तो इतका मंद आहे की फोटो टाकायला लावून मी भाजी चिरून येते. सेव्ह फाइलसाठी पुरतो, पण मग त्याला तेवढे पैसे कशाला. चौथी गोष्ट तारा कापण्याइतकी मोठी होती, तिच्यासाठीच कापला: माझा फोल्डर त्याच्या लॅपटॉपवर तसाच राहिला होता. मी विचारलं तेव्हा त्यानं समोर डिलीट केला, रिसायकल बिनमधूनही काढला, चेहऱ्यावर अपराधी भाव. पण मी विचारलं म्हणून. माझं शेत कुणी पाहिलं तर बिघडत नाही. दुसऱ्या कुणाचा आख्खा फोन तिथं राहिला असेल तर?

सध्या मी दर महिन्याच्या शेवटच्या रविवारी स्वतःच केबल लावते. फोल्डर लॅपटॉपवर घेते, त्याला तारखेचं नाव देते, झिप करून एक प्रत गूगल ड्राइव्हवर ठेवते. आपोआप सिंक करणारं अॅप लावू का असं त्याला फोनवर विचारलं होतं. तो म्हणाला, लावा, पण इथं फाइल पुसली गेली की तिथूनही पुसली जाईल, मग मला फोन करू नका.

जायचं असेल तर शुक्रवार टाळा, आणि एक ते साडेतीनच्या मध्ये जाऊ नका, दुकान बंद असतं. मी पहिल्या खेपेला पावसात जिन्यावर उभी होते. जुन्या फोनचा पॅटर्न आठवत असू द्या. आणि निघताना लॅपटॉपवरची प्रत तुमच्यासमोर काढायला सांगा.