खातं मोबाईलात, रोकड डब्यात: कोल्हापुरात पैसे भरायचे कुठं?

आमचा कांदा-लसूण चटणीचा धंदा. मार्च ते मे डंक, म्हणजे मिरची कुटायचं यंत्र, थांबत नाही. गिऱ्हाईक बहुतेक ओळखीचं, त्यामुळं 'मोजा वहिनी' म्हणत नोटा हातावर ठेवतं. संध्याकाळी सगळं बिस्किटाच्या पत्र्याच्या डब्यात. खातं मात्र मोबाईलवर काढलेलं, ना पासबुक ना शाखा. ते काढायला पंधरा मिनिटं लागली. डब्यातले पैसे त्यात भरायचे कसे हे कळेपर्यंत उन्हाळा सरला. जे जे करून बघितलं ते सांगते. तुमच्या डब्यात कुठल्या नोटा आहेत, त्यावर काय निवडायचं ते ठरतं.

आधी खातं नेमकं कुणाकडं आहे ते बघा. फक्त ॲपवर चालणाऱ्या पूर्ण बँकेला रिझर्व्ह बँकेनं परवाना दिलेला नाही, म्हणजे ॲपच्या मागं कुठलीतरी नेहमीची बँक किंवा पेमेंट्स बँक (मर्यादित शिल्लक ठेवणारी, कर्ज न देणारी बँक) असतेच. कोटक महिंद्रा बँकेनं २०१७ मध्ये आणलेलं '८११' हे मोबाईलवरचं खातं कोटकचंच. ज्युपिटर या ॲपवरचं बचत खातं फेडरल बँकेत असतं. हे मला कुणी सांगेपर्यंत माहीत नव्हतं. ॲपमागच्या बँकेची शाखा गावात असेल तर खाते नंबर घेऊन सरळ काउंटरवर जायचं, चलन भरायचं, विषय संपला. दहा-वीसच्या नोटासुद्धा तिथं घेतात. फक्त महिन्यात किती वेळा फुकट भरता येतात ते दरपत्रकात बघून घ्या, नाहीतर मेसेजमध्ये कापलेले पैसे दिसतात. आणि कळंब्यात राहून भर दुपारी स्टेशन रोडला गाडी लावायला जागा शोधायची तयारी ठेवा.

एक गोष्ट मात्र कुठल्याही वाटेनं जाण्याआधी तपासा. खातं नुसत्या आधार ओटीपीवर काढलं असेल आणि व्हिडिओ केवायसी (व्हिडिओ कॉलवर ओळख पटवणं) राहिलं असेल, तर त्यात १ लाखाच्या वर शिल्लक ठेवता येत नाही आणि वर्षभराची एकूण जमा २ लाखांच्या वर जाऊ शकत नाही. सीझनच्या धंद्याला हे दोन महिन्यांत भरतं.

आता मशीन. ऑगस्ट २०२४ मध्ये यूपीआयवरून रोख भरायची सोय आली आणि माझ्यासारखीचं अर्धं काम हलकं झालं. पैसे घेणारं आणि देणारं जे एटीएम असतं, त्याच्यावर 'यूपीआय कॅश डिपॉझिट' निवडायचं, खात्याला जोडलेला मोबाईल नंबर किंवा यूपीआय आयडी द्यायचा, नाव बरोबर आहे का बघायचं आणि नोटा ठेवायच्या. कार्ड लागत नाही. मशीन दुसऱ्याच बँकेचं असलं तरी चालतं. एका वेळी ५० हजारांपर्यंत. अट एवढीच की मशीनवाल्या बँकेनं आणि तुमच्या बँकेनं, दोघींनीही ही सोय चालू केलेली पाहिजे. म्हणून पहिल्या फेरीला पाचशेची एकच नोट घेऊन जा.

मशीनचा स्वभावही सांगते. शंभर, दोनशे, पाचशे ते गोडीनं घेतं. दहा, वीस, पन्नास बहुतेक मशीनं घेत नाहीत. दुमडलेली, ओली, तेलकट नोट आत ओढतं, खर्र्कन मोजतं आणि परत बाहेर. आमच्या नोटांना चटणीचा हात लागलेला असतो. लालसर कडेची पाचशेची नोट तीनदा परत आल्यावर मागं उभ्या राहिलेल्या पोरानं वास घेऊन विचारलं, "काकू, चटणीचं दुकान काय?" तेव्हापासून नोटा घेताना हात पुसायचा नियम घरात लागू झाला.

एकदा सहा हजार आत गेले आणि स्क्रीन गोठला. पावती नाही, मेसेज नाही. मशीनवाले म्हणाले तुमच्या बँकेला विचारा, आमची बँक म्हणाली मशीनवाल्यांना विचारा. नवव्या दिवशी जमा झाले. त्या वेळी मशीनचा नंबर आणि वेळ यांचा फोटो काढला होता, तोच कामाला आला. तक्रार आपल्या बँकेकडं लेखी करा. ३० दिवसांत दाद लागली नाही तर रिझर्व्ह बँकेचा लोकपाल आहे.

ज्यांचं खातं पेमेंट्स बँकेत आहे त्यांना शाखा शोधायलाच नको, कोपऱ्यावरचं रिचार्जचं दुकान हीच शाखा. पोस्टाची इंडिया पोस्ट पेमेंट्स बँक तर पोस्टमनच्या हातून दारात पैसे घेते. घरात म्हातारं माणूस असेल, तर याच्याइतकं सोपं दुसरं नाही. मर्यादा अशी की दिवसाअखेर खात्यात २ लाखांच्या वर शिल्लक राहू शकत नाही. दुकानात पैसे दिल्यावर आपल्या मोबाईलवर मेसेज येईपर्यंत काउंटर सोडायचा नाही, दुकानदार कितीही ओळखीचा असो.

आणि आपली कोल्हापुरी वाट: पिग्मी, म्हणजे पतसंस्थेत रोज थोडी थोडी टाकायची ठेव. एजंट रोज दारात येतो, सुट्टे घेतो, नाक मुरडत नाही. पण पतसंस्थेतली ठेव आणि बँकेतली ठेव यात फरक आहे. बँकेतल्या ठेवीला, मग ती सहकारी का असेना, ५ लाखांपर्यंत विमा असतो. पतसंस्थेला तो नाही. शिवाय मुदतीआधी काढली की कमिशन कापतात. त्यापेक्षा जवळच्या नागरी सहकारी बँकेत साधं बचत खातं काढावं, तिथं यूपीआय आहे ना हे आधी विचारावं. सुट्ट्या नोटा तिथं भरायच्या आणि घरी येऊन फोनवरून आपल्याच ॲपच्या खात्यात वळवायच्या. दोन खाती सांभाळणं जिवावर येतं खरं, पण किरकोळ धंद्याला मला हेच पटलं.

राहिली ती सगळ्यात मोहाची वाट: कुणालातरी रोख द्यायची आणि त्यानं यूपीआय करायचं. सख्ख्या भावाशी खुशाल करा. अनोळखी माणूस एटीएमबाहेर 'रोख द्या, लगेच पाठवतो' म्हणाला तर नको. त्याचे पैसे फसवणुकीतून आलेले निघाले तर सायबर पोलिसांच्या पत्रावर तुमचं खातं गोठतं आणि पैसे आपलेच आहेत हे पटवत तुम्ही फिरता.

कराचं थोडक्यात: एका आर्थिक वर्षात बचत खात्यांत १० लाख किंवा जास्त रोख भरली की बँक आयकर खात्याला कळवते. धंद्याची वही नीट असेल तर घाबरायचं कारण नाही, पण तेवढी उलाढाल असेल तर चालू खातंच काढा.

राजारामपुरीत खोली घेऊन राहणाऱ्या पोराला गावाकडून महिन्याला पाचशेच्या नोटांत तीन हजार येत असतील, तर त्यानं मशीन सोडून दुसरा विचारच करू नये. महिन्याला एकदा भाडं रोख घेणाऱ्यानं शाखेतच जावं, चलनाची प्रत राहते. आमच्याकडं आता दर सोमवारी सकाळी डबा उपडा होतो. पाचशे-दोनशे मशीनकडं, बाकीच्या नोटा सहकारी बँकेत. नाणी कुठंच भरत नाही. कपिलतीर्थ मार्केटातल्या भाजीवाल्या मावशींना सुट्टे हवेच असतात. त्या मोजून घेतात आणि वर कोथिंबिरीची पेंडी टाकतात.