भोपळा भाजायचाय: अर्धाच ठेवायचा, फोडी करायच्या की सालासकट काप?

जाड सालीच्या भोपळ्याची गंमत अशी की तो लवकर खराब होत नाही आणि म्हणूनच तो ओट्यावर पडून राहतो. आज करू उद्या करू करत महिना जातो. मग एक दिवस जेवणात तोंडी लावायला काहीतरी हवं असतं, आपण रेसिपी शोधायला बसतो आणि दहा ठिकाणी दहा गोष्टी, कोणी म्हणतं मधोमध चिरा आणि तसाच ओव्हनमध्ये ढकला, कोणी म्हणतं सोलून चौकोनी फोडी करा, कोणी म्हणतं साल काढताच कशाला. मी तिन्ही करून बघितलंय, त्यातलं एक तर दोनदा पार बिघडवलंय, तर जे कळलं ते सांगून टाकतो, तुमचं तुम्ही ठरवा.

सामान तिन्हीला तेच. भोपळा, तेल, मीठ, मिरपूड, बास. फरक सगळा ह्यात आहे की भोपळ्याचा किती भाग गरम ट्रेला टेकतो आणि सुटलेली वाफ कुठे जाते. बटरनटसारख्या (तो लांबट, फिकट बदामी सालीचा) भोपळ्यात साधारण ८६ टक्के पाणी असतं. वरून ओला आहे तोपर्यंत ओव्हन २०० ला लावा नाहीतर २५० ला, फोडीचा पृष्ठभाग १०० अंशाच्या आसपासच घुटमळत राहतो, आणि तो खरपूस तपकिरी रंग यायला साधारण १४० च्या पुढे जावं लागतं. म्हणजे आधी पाणी उडणार, मग रंग येणार. पाणी उडायला जागाच नसेल तर तुम्ही भोपळा भाजत नाही आहात, ओव्हनमध्ये उकडताय.

आता अर्ध्याचं बघू. उभा चिरायचा, चमच्याने बिया आणि धागे खरवडून काढायचे, चिरलेल्या बाजूला तेल-मीठ चोळायचं आणि ती बाजू खाली करून ट्रेवर पालथा ठेवायचा. २०० अंशावर मध्यम आकाराच्या भोपळ्याला ४५ मिनिटं ते तासभर लागतो. सुरी सहज आत गेली की झालं. आपलं काम म्हटलं तर पाच मिनिटांचं, सोलणं नाही, मधे उलटणं नाही, तेवढ्यात बाकीचा स्वयंपाक होतो. दमून घरी आलेल्या माणसासाठी हीच पद्धत. बऱ्याच रेसिप्यांमध्ये चिरलेली बाजू वर ठेवायला सांगतात, मी नाही ठेवत, कारण मग बियांच्या खळग्यात पाण्याचं तळं साचतं आणि वरची कड कोरडी पडते. पालथा ठेवला की वाफ आत कोंडून गर लवकर शिजतो आणि जी कड ट्रेला टेकलीय तिथे साखर उतरून मस्त चिकट तपकिरी पट्टा येतो.

पण तो पट्टा तेवढाच! बाकी सगळा गर मऊ, उकडलेल्यासारखा. चवीला छान असतो, फक्त ते भाजलेलं तोंडीलावणं वाटत नाही, चमच्याने खरवडून थोडं लोणी घालून कुस्करलं तरच त्याला अर्थ येतो. अपवाद एकॉर्न नावाच्या खोबणीवाल्या भोपळ्याचा. तो आकारानेच लहान, अर्धा म्हणजे एका माणसाचा वाटा, तसाच ताटात ठेवता येतो आणि त्याच्या सालीवरच्या खोबणी सोलत बसण्याचा प्रश्नच उरत नाही.

सोललेल्या फोडी हा सगळ्यात जास्त लिहिला जाणारा प्रकार आणि माझ्या मते सगळ्यात जास्त बिघडणारा पण. दोन-अडीच सेंटीमीटरच्या फोडी, अर्ध्या किलोला साधारण एक मोठा चमचा तेल, २२० अंश, २५ ते ३५ मिनिटं. कागदावर सोपं. प्रत्यक्षात आधी वीस मिनिटं सोलण्याचिरण्यात जातात, आणि बटरनट सोलून झाल्यावर हातावर एक नारिंगी पातळ पापुद्रा चढतो, कातडी ओढल्यासारखी वाटते, काही जणांना तर लाल होऊन साल निघते. त्याच्या कच्च्या चिकाने होतं ते. हाताला आधीच तेल लावा नाहीतर ग्लोव्हज घाला, नंतर साबणाने घासत बसून ते चटकन निघत नाही.

माझी दोनदा वाट लागली ती गर्दीमुळे. घरी सात-आठ जण जेवायला, भोपळा दीड किलोचा, ट्रे एकच. सगळ्या फोडी एकावर एक रचल्या आणि वर म्हटलं भाजल्यावर आकसतील की. आकसल्या, पण स्वतःच्याच पाण्यात. चाळीस मिनिटांनी ओव्हन उघडला तर चष्म्यावर वाफ, आणि ट्रेत फिक्या पिवळ्या रंगाचा गिचका, कडेच्या चार फोडी तेवढ्या करपलेल्या. दुसऱ्यांदा पण तेच केलं कारण वाटलं मागच्या वेळी तापमान कमी होतं, म्हणून २४० ला लावला, तर वरून काळं आणि खालून गाळ. नंतर कधीतरी दोन ट्रे घेऊन फोडींमध्ये बोटभर जागा सोडली आणि तोच भोपळा, तेच तेल, तेच मीठ, पण पदार्थ वेगळाच. तेव्हा एक ट्रे असेल तर किलोच्या वर भोपळा घ्यायचाच नाही, सरळ.

फोडी नीट झाल्या की कळतं कसं ते सांगतो. पंधरा-अठरा मिनिटांनी उलथनं घालून एक फोड सोडवून बघायची. चिकटून बसली असेल, ओढावी लागत असेल तर ओढू नका, तिला अजून रंग आलेला नाही, आत्ता ओढली तर खालचा सगळा गोड थर ट्रेलाच राहणार. तीन-चार मिनिटांनी परत बघा, खाली रंग धरला की तीच फोड बरीच सहज सुटते, आणि तळाला तांबूस तपकिरी, कडेला जवळजवळ काळपट अशी रेघ दिसते. तेव्हा उलटायचं, आणि एकदाच. दर पाच मिनिटांनी ढवळणारे लोक भोपळ्याची भाजी करत असतात, भाजत नसतात. मीठ पण फोडी ट्रेमध्ये जायच्या ऐनवेळी लावा, आधी लावून ठेवलं तर पाणी सुटतं आणि मग तेच रडगाणं.

तिसरा प्रकार सालासकट काप, आणि माझं मत विचाराल तर हाच. अर्धा भोपळा घेऊन त्याच्या चंद्रकोरीसारख्या खापा करायच्या, पाठीकडे दोनेक सेंटीमीटर जाड. सोलणं वाचलं, त्यामुळे तयारी फोडींच्या निम्म्या वेळात. प्रत्येक कापाला दोन सपाट बाजू मिळतात, एक झाली की दुसऱ्या बाजूवर पाडायचा, वीस-पंचवीस काप उलटायला मिनिटभर लागतं, तेच फोडी ऐंशी-नव्वद असतात. साल काप धरून ठेवते म्हणून आत अगदी लोण्यासारखं झालं तरी ताटात घेताना मोडत नाही. २२० अंश, २५ ते ३० मिनिटं. डेलिकाटा (लांबट, पट्ट्यापट्ट्यांचा छोटा भोपळा) मिळाला तर त्याची साल इतकी पातळ की सेंटीमीटरभर जाडीच्या अर्धगोल चकत्या करा, वीस-पंचवीस मिनिटांत होतात आणि साल खातोय हे लक्षात पण येत नाही. कबोचाची, म्हणजे गोल, बहुधा हिरव्या सालीच्या जपानी भोपळ्याची, साल शिजल्यावर मऊ होते, खाल्ली जाते. एकॉर्नची ज्याच्या त्याच्या आवडीवर. बटरनटची खाता येते पण थोडी चिवट लागते, नको असेल तर ताटात बाजूला काढायची. घरात लहान मुलं असतील आणि साल बघूनच तोंड फिरवणारी असतील तर मात्र हा प्रकार बाद, फोडी करा आणि सोलत बसा, इलाज नाही.

चिरताना एक सांभाळा. भोपळा गोल, ओट्यावर गरगर फिरतो, सुरी अर्ध्यात अडकते आणि आपण जोर लावतो, बोट कापतं ते इथेच. आधी देठ आणि बूड सपाट कापून तो उभा करा, मगच मधोमध. कबोचा फारच दगड असेल तर दोन-चार ठिकाणी टोचून मायक्रोवेव्हमध्ये तीन मिनिटं फिरवा, साल थोडी नरम येते आणि सुरी पुढे जाते.

कुठला भोपळा ह्यावर पण पद्धत ठरते खरं तर. बटरनट गोड, गुळगुळीत, सोलायला त्यातल्या त्यात सोपा, म्हणून फोडींना तोच. कबोचा कोरडा आणि पिठूळ, रताळ्याच्या जवळ जाणारा, तो कापांना एक नंबर, पण तेल थोडं सढळ हाताने, नाहीतर घशाला बसतो. शोभेला ठेवतात ते भलेमोठे केशरी भोपळे पाणचट आणि धागेदार असतात, ह्या कामाला घेऊच नका. घेताना देठ सुकलेला बघा, नखाने साल सहज टोचली जात असेल तर तो कच्चा आहे. आणि चिरल्यावर एक बारीक तुकडा कच्चाच जिभेला लावून बघा, कडू लागला तर थुंकून अख्खा भोपळा फेकून द्या, ती कुकुरबिटासिन नावाची द्रव्यं शिजवून जात नाहीत आणि पोट चांगलंच बिघडवतात.

ओव्हनच नाही? दोघांपुरता करायचा असेल तर एअर फ्रायर ओव्हनपेक्षा सरस आहे, १९० ते २०० वर १५-१८ मिनिटं, हवा चहूबाजूंनी फिरते म्हणून पाणी पटकन उडतं. पण टोपलीत अर्ध्या किलोच्या वर घालू नका, चार-पाच जणांसाठी घाणे काढत बसलात तर शेवटचा होईपर्यंत पहिला गार. जाड बुडाची कढई पण चालते, झाकून सहा-सात मिनिटं मंद आचेवर आणि मग झाकण काढून आच वाढवून खरपूस करायचा, चव छानच येते, फक्त समोर उभं राहावं लागतं. पंख्याचा ओव्हन असेल तर वर दिलेलं तापमान २० अंशांनी कमी धरा.

ट्रेवर बटर पेपर घालायचा की नाही ह्यावर लोक उगाच भांडतात. उघड्या ट्रेवर रंग जास्त चांगला येतो, पेपरवर थोडा कमी पण घासायचं वाचतं, मी पेपर घालतो कारण भांडी मीच घासतो. सिलिकॉनची चटई मात्र नको, तिच्यावर खालून रंग धरतच नाही.

मध किंवा गूळ घालायचा असेल तर शेवटच्या पाच मिनिटांत, आधी घातला की भोपळा शिजायच्या आत करपतो. चिरलेल्या लसणाचं पण तेच, त्यापेक्षा अख्ख्या पाकळ्या सालासकट ट्रेत टाका आणि नंतर पिळून काढा. लिंबू कायम ओव्हनमधून काढल्यावर. बिया फेकू नका, धुऊन पुसून १५० अंशावर पंधरा-वीस मिनिटं, वरून भुरभुरायला होतात.

उरलं तर अर्ध्याचा गर सूपला जातो. काप दुसऱ्या दिवशी मायक्रोवेव्हमध्ये टाकले तर परत ओले होतात, कोरड्या पॅनमध्ये दोन-दोन मिनिटं दोन्ही बाजूंनी गरम करा. आमच्याकडे उरतच नाहीत हा भाग वेगळा, निम्मे ट्रेवरूनच जातात, आणि दर वेळी पहिला उचलणारा मीच असतो आणि दर वेळी जीभ भाजते.