‘लेट देअर बी लाइट’: चेहरे खरे, इंजेक्शनची जादू अर्धीच खरी

पेन्शनवर आलेला फौजी रात्री दचकून उठायला लागला की खानदेशातल्या गावात आधी ‘बाहेरचं लागलं’ म्हणतात. भगताकडे फेरी होते, मग सगळा दोष दारूवर जातो. अशा घरांसाठी हा माहितीपट जरूर लावावा, पण अर्ध्यावर थांबवून बोलायची तयारी ठेवून.

जॉन ह्यूस्टननं तो १९४६ मध्ये अमेरिकी लष्करासाठीच केला. लांबी तासाभराची. न्यूयॉर्कजवळच्या मेसन जनरल हॉस्पिटलात दाखल झालेले, दुसऱ्या महायुद्धातून परतलेले सैनिक त्यात दिसतात. तयार झाल्यावर लष्करानंच तो दडपला. बंदी उठली १९८० च्या अखेरीस, आणि अमेरिकी मानसोपचारतज्ज्ञांच्या निदानपुस्तिकेत पीटीएसडी (भयंकर प्रसंगाच्या धक्क्यानं मनाला जडणारा आजार) हे नाव आलं तेही १९८० मध्येच.

खरा ऐवज आहे सुरुवातीच्या मुलाखतींत. एक कृष्णवर्णीय जवान अगदी तोलूनमापून, पुस्तकी शब्दांत बोलत असतो. प्रेयसीचा फोटो हाती आला त्याबद्दल सांगताना त्याचा बांध फुटतो आणि तो डॉक्टरांचीच माफी मागतो. रडलं तरी चालतं, त्यानं बरंच वाटतं, असं डॉक्टर त्याला सांगतात. ‘फौजी रडत नाही’ हे ऐकत म्हातारे झालेल्या आबा-नानांसाठी एवढा एक प्रसंग पुरे. गोरे आणि काळे जवान इथे एकाच वॉर्डात आहेत, आणि अमेरिकी सैन्यातला वर्णभेद संपवण्याचा आदेश निघाला १९४८ मध्ये!

घोळ होतो तो पुढे. पाय लुळे पडलेल्या जवानाला सोडियम अमायटल हे गुंगीचं औषध टोचतात, डॉक्टर बोलतं करतात आणि तो उठून चालतो. हे बघून ‘ते इंजेक्शन धुळ्यात मिळेल का?’ असा प्रश्न येणारच. औषधानं गुंगी येते, जीभ सैल होते. मनाच्या धक्क्यानं लुळे पडलेले पाय अशा वेळी डॉक्टरांच्या शब्दावर हलू शकतात, पण धक्का आतच राहतो. आज प्रसंग पुन्हा पुन्हा बोलून पचवण्याची जी उपचारपद्धत वापरतात, तिला साधारण ८ ते १५ बैठका लागतात, आठवड्याला एक किंवा दोन, प्रत्येकी दीड तासापर्यंत. मेलेल्या सोबत्याचं दुःख तर चित्रपट ओझरतंच दाखवतो. घरी वाट बघणारी बायको जवळपास नाहीच. आपल्याकडे शेत, पोरं आणि त्याची झोपमोड तीच सांभाळते, त्यामुळे ही उणीव जास्त खटकते.

दाखवणाऱ्यांसाठी: चित्रपट इंग्रजीत आहे, नेटवर फुकट मिळतो. जुन्या प्रतींत बोलणं घोगरं येतं, म्हणून २०१२ ची दुरुस्त केलेली प्रतच घ्या. मुलाखती संपल्या की थांबवा आणि कुणाला तरी अहिराणीत सार सांगू द्या. सबटायटलच्या भरवशावर राहिलात तर मागच्या रांगा पेंगतात. पूर्ण अंधार करू नका, दार उघडं ठेवा, दाराजवळ एक जाणता माणूस बसवा, आणि कोणी मधेच उठला तर त्याला हटकू नका. लग्नसराईत मंगल कार्यालयाशेजारचा हॉल नकोच. वरातीतली फटाक्यांची माळ अचानक लागली, तर पडद्यापेक्षा तीच भारी पडते.

फळ्यावर मोठ्या अक्षरांत टेली-मानसचा, म्हणजे मानसिक त्रासासाठीच्या सरकारी हेल्पलाइनचा, नंबर १४४१६ लिहून ठेवा. फोन फुकट आहे, चोवीस तास चालतो, मराठीत बोलता येतं, आणि घरच्या बाईनं केला तरी चालतो.