हॅमस्टरचं ‘स्टार्टर किट’: बाटली ठेवा, बाकीचं बदला

पेट शॉपमध्ये किंवा ऑनलाइन ‘हॅमस्टर स्टार्टर किट’ म्हणून मिळणारा माल, नाव कुठलंही असो, जवळपास सारखाच असतो. प्लास्टिकचा रंगीत तळ, त्यावर तारेचा दुमजली पिंजरा, छोटं चाक, पाण्याची बाटली, वाटी, बसकं घर आणि सोबत भुशाची नाहीतर कापसाची पिशवी. घेणाऱ्याची सोय होते हे खरं. पण हॅमस्टर ‘वेड्यासारखा गज कुरतडतो’, ‘लंगडतो’, ‘सारखा शिंकतो’ अशा तक्रारींचं मूळ बऱ्याचदा याच वस्तूंमध्ये सापडतं. म्हणून कुठल्या वस्तूतून कुठलं दुखणं येतं, त्या अंगाने हे परीक्षण.

सर्वात मोठा दोष जागेचा. तळ साधारण ३५ × २५ सेंमी असतो आणि ट्रे इतका उथळ की चार-पाच सेंमीपेक्षा जास्त बेडिंग (तळाशी अंथरायचा भुसा वगैरे) मावत नाही. वरचा मजला जमिनीची भरपाई करत नाही, कारण हॅमस्टर हा बिळात राहणारा प्राणी आहे. जर्मनीत प्राणिकल्याणाचं काम करणारी पशुवैद्यांची संघटना किमान १०० × ५० सेंमी तळ सुचवते. स्वित्झर्लंडच्या संशोधकांनी २००६ मध्ये सीरियन (मोठ्या जातीच्या) हॅमस्टरना १०, ४० आणि ८० सेंमी खोल बेडिंगवर ठेवून पाहिलं. १० सेंमीवाले गज जास्त कुरतडत होते, ८० सेंमीवाले अजिबात नाही. दुकानदार म्हणतो, ‘दात घासतोय’. तसं नाही, हे कोंडल्याचं लक्षण आहे. नाकावरचे केस झिजतात, कधी पुढचा दात तुटतो. हे दात आयुष्यभर वाढत राहतात, त्यामुळे एक तुटला की समोरचा झिजत नाही आणि लांबत जातो. दाणा उचलून पुन्हा टाकून देणं, हनुवटी ओली राहणं, वजन उतरणं दिसलं की दात व्हेटकडून (पशुवैद्याकडून) तपासून घ्या. पिवळसर-केशरी दात मात्र किडके नव्हेत, तो निरोगी रंग आहे.

चाक ११-१२ सेंमीचं असतं. सीरियनला साधारण २८ सेंमीचं लागतं, ड्वार्फला (बुटक्या जातींना) २० सेंमीच्या आसपास. पारख सोपी आहे: धावताना बाजूने बघा, पाठ सरळ दिसली पाहिजे. कमान होत असेल तर चाक लहान. शिवाय किटमधलं चाक बहुधा दांड्यांचं असतं. त्यांच्या फटीत पाय अडकून मोडतो, तळव्यांना जखमा होतात. सलग पृष्ठभागाचं चाक घ्या. पाय अधांतरी धरून चालणारा हॅमस्टर ‘उद्या बरा होईल’ म्हणून ठेवू नका.

कापसाच्या पिशवीला आमच्याकडून शून्य गुण. धागे पायाला गुंडाळतात, रक्तपुरवठा थांबतो, पाय गमवावा लागतो. हॅमस्टर गालाच्या आतल्या पिशवीत दाणे साठवतो, तिथेही कापूस चिकटून बसतो. भरलेला गाल आणि अडकलेला गाल यांतला फरक वेळेवरून कळतो. साठवलेलं धान्य रात्रीतून घरट्यात रिकामं होतं. दुसऱ्या दिवशीही एकच बाजू फुगलेली, वास येतोय, तो पंजाने गाल ओरबाडतोय, तर व्हेट. चिमट्याने ओढायला जाऊ नका, पिशवी उलटी होऊन बाहेर येऊ शकते. कापसाऐवजी बिनवासाचा टॉयलेट पेपर फाडून द्या, घरटं तो स्वतः बांधतो. उग्र वासाचा पाइन किंवा देवदाराचा भुसा श्वसनमार्गाला त्रास देतो. एखादी शिंक चालते, पण श्वासाला टिकटिक आवाज, चिकट डोळे आणि सुस्ती एकत्र दिसली तर नुसतं बेडिंग बदलून भागणार नाही, व्हेट गाठा.

बाटली ठीक आहे. फक्त नळीतली गोळी अडकते, म्हणून रोज बोट लावून थेंब येतो का बघा. ड्वार्फ, विशेषतः कॅम्पबेल जातीचा, एकाएकी बाटली भराभर संपवू लागला आणि बेडिंग फार भिजू लागलं तर मधुमेहाची शंका घ्या. त्याला फळं आणि योगर्ट ड्रॉप्स (दह्याच्या गोड गोळ्या) बंद.

काही दुखणी किटची नसतात. ‘वेट टेल’ मुख्यतः तीन ते आठ आठवड्यांच्या सीरियन पिल्लांत येतो: पाण्यासारखे जुलाब, शेपटीभोवती ओलं, पाठ वाकलेली, खाणं बंद. एक-दोन दिवसांत जीव जातो, तेव्हा दहीभाताचे प्रयोग करण्याइतका वेळ नसतो. घरात उरलेलं अमॉक्सिसिलिनही देऊ नका. पेनिसिलीन गटातली औषधं हॅमस्टरच्या आतड्यातले उपयोगी जिवाणू मारतात आणि त्यातूनच मृत्यू येऊ शकतो. उलट सीरियनच्या दोन्ही कुशींवरचे काळपट, कधी ओलसर डाग बघून लोक गाठ समजून घाबरतात. त्या वासाच्या ग्रंथी आहेत, दोन्हीकडे सारख्या असतील तर काळजी नको.

किटच्या खोक्यावर पुष्कळदा दोन हॅमस्टर शेजारी बसलेले दाखवतात. सीरियन जोडीने ठेवायचाच नाही. वयात येताच मारामाऱ्या, पार्श्वभागावर चाव्यांच्या जखमा, आणि नर-मादी असतील तर १६ दिवसांत पिल्लं.

आपल्याकडचा उन्हाळा ही वेगळी परीक्षा. खोली ३० अंशांच्या वर गेली की उष्माघाताचा धोका. अंग ताणून निपचित पडणं, धापा, लाळ दिसली तर थंड जागी हलवा. बर्फाचं पाणी ओतू नका. पिंजऱ्यात फरशीचा तुकडा ठेवलेला बरा. थंडीत गार, ताठ पडलेला हॅमस्टर मेलाच असं समजू नका. मिशा हलतात का, फार संथ श्वास आहे का बघा आणि हातांच्या उबेत हळूहळू गरम करत व्हेट गाठा.

किटमध्ये नसलेली सर्वात उपयोगी वस्तू म्हणजे एक ग्रॅमपर्यंत मोजणारा स्वयंपाकघरातला काटा. आठवड्यातून एकदा, वाटीत बसवून वजन. १३० ग्रॅमचा सीरियन ११७ वर आला म्हणजे दहा टक्के गेले. बाहेरून काही दिसत नसलं तरी अपॉइंटमेंट घ्या, आणि फोनवरच विचारा की डॉक्टर हॅमस्टर तपासतात का. बरेच जण फक्त कुत्री-मांजरी बघतात.

किट आधीच घेतलं असेल तर फेकू नका. मोठी स्टोरेज पेटी किंवा जुना फिशटँक मुख्य घर करा, वर जाळी, आत किमान २५ सेंमी बेडिंग. तारेचा पिंजरा चाक आणि मजला काढून, पेपर अंथरून, व्हेटकडे नेण्यापुरता चांगला आहे.