पेन्शनवर येताना आजारपणाचे कागद: फाईल, ‘आभा’ हे डिजिटल आरोग्य खातं की दोन्ही?

दाजींची २४ वर्षं भरली. पेन्शनवर यायच्या दोन महिने आधी त्यांनी फोनवर विचारलं, ‘मेडिकलचे कागद ओढत आणू काय, की आता सगळं कॉम्प्युटरवर दिसतंय?’ ते मराठा लाइट इन्फंट्रीचे. सेंटर बेळगावातच, त्यामुळं आपलं सगळं इथंच कुठंतरी असणार असा त्यांचा समज. येळ्ळूरपासून खानापूरपर्यंत फौजींची घरं काही कमी नाहीत आणि हा प्रश्न वर्षातून दोघं-तिघं तरी मला विचारतात. कारण एवढंच, की आबांची पिशवी मी सांभाळते. आबाही फौजीच.

पिशवी म्हणजे खडेबाजारातल्या साडीच्या दुकानाची. तिच्यातला एक जुना ईसीजी खराब होऊ नये म्हणून मी शहाणपणानं लॅमिनेशनला दिला. मशीनमधून बाहेर आला तो काळाकुट्ट. ईसीजीच्या त्या कागदावर शाई नसतेच, गरम टोकानं रेघ उमटते. लॅमिनेशनच्या उष्णतेनं अख्खा कागदच उमटला. ज्यांना हात लावला नव्हता ते दोन आता इतके फिके पडलेत की खिडकीकडे धरले तर रेघेऐवजी खिडकीच दिसते. म्हणून कागदाची बाजू घेताना मी डोळे झाकून घेत नाही.

तरी दाजींना पहिलं उत्तर दिलं ते ‘कागद आणा’ हेच.

फौजीचं आजारपण दोन घरांत वाटलेलं असतं. नोकरीत असेपर्यंत युनिटचा डॉक्टर आणि एमएच, म्हणजे मिलिटरी हॉस्पिटल. पेन्शनवर आलं की ईसीएचएस: १ एप्रिल २००३ ला सुरू झालेली माजी सैनिकांची योजना, पॉलिक्लिनिक आणि तिथून पुढं पॅनेलवरच्या खासगी दवाखान्याचं रेफरल. मधला उंबरठा तुम्ही ओलांडता, फाईल आपोआप ओलांडत नाही. आबांना घेऊन जिथं जाईन तिथं एकच वाक्य ऐकलंय, ‘जुने कागद आणलेत?’ ईसीएचएसचं कार्ड तुम्ही कोण ते सांगतं. पठाणकोटला गुडघ्यावर काय केलं होतं ते सांगत नाही.

त्यातही सगळे कागद सारखे नव्हेत. सर्दी-तापाच्या चिठ्ठ्या तिथंच टाकून या. रिलीज मेडिकल बोर्डाची प्रत मात्र जीव गेला तरी सोडू नका. नोकरी सोडताना तुमची मेडिकल कॅटेगरी, म्हणजे तब्येतीची श्रेणी, काय होती, अपंगत्व किती टक्के धरलं, ते नोकरीमुळं आलं किंवा वाढलं असं बोर्डानं मानलं की नाही, हे सगळं तिथं लिहिलेलं असतं. डिसॅबिलिटी पेन्शनचा वाद पुढं दहा वर्षांनी उभा राहिला तरी रेकॉर्ड ऑफिस असो वा आर्म्ड फोर्सेस ट्रायब्युनल, म्हणजे फौजींचं न्यायाधिकरण, बोलणं त्या कागदावरून सुरू होतं. त्याखालोखाल एमएचमधल्या प्रत्येक ॲडमिशनचा डिस्चार्जचा कागद, ऑपरेशनची नोंद, कानाच्या तपासण्या. तोफा-बंदुकांजवळ आयुष्य काढलेल्यांना ऐकू कमी येतं हे घरच्यांना पेन्शनीनंतरच कळतं.

आता आभा. २७ सप्टेंबर २०२१ ला देशभर सुरू झालेल्या डिजिटल आरोग्य मोहिमेतला हा १४ आकडी नंबर. फुकट आहे, सक्तीचा नाही. आमच्या गल्लीत निम्म्या लोकांना तो पाच लाखांचा विमा वाटतो. तो विमा नव्हे, त्यातून एक रुपया मिळत नाही. त्याचं काम वेगळं. रिपोर्ट ज्या दवाखान्यात तयार झाला तिथंच राहतो, तुम्ही मोबाईलवर ‘हो’ म्हटलं की दुसऱ्या डॉक्टरला दिसतो, आणि दिलेली परवानगी मागंही घेता येते. बेळगावात तपासणी, लेकीकडं कोल्हापुरात उपचार असं ज्यांचं चालतं त्यांना ही सोय खरी उपयोगाची. नंबर कर्नाटकचा की महाराष्ट्राचा हे कुणी विचारत नाही.

पण दाजींच्या बाबतीत पहिल्या दिवशी ते खातं रिकामंच असणार. जोडलेल्या दवाखान्यानं जे घातलं तेच त्यात दिसतं, मागची २४ वर्षं त्यात उगवत नाहीत. जुने कागद स्वतः स्कॅन करून चढवता येतात, म्हणजे फिरून आधी कागद हातात हवेतच.

शिवाय नावाची भानगड. आबांचं नाव फौजेत परशराम, आधारवर परशुराम. जन्मतारीख शाळेत मास्तरांनी लिहिली ती १ जून. दवाखान्यातलं तुमचं जुनं खातं शोधताना आभा नाव, जन्मसाल, मोबाईल नंबर अशांचा मेळ घालते. मेळ बसला नाही की माणूस एक आणि रोगी दोन. आणि मोबाईल नंबर धाकट्याचा दिलेला, तो पुण्यात नाइट शिफ्टला. ओटीपी त्याच्याकडं, आबा इकडं खिडकीसमोर उभे. आभा काढायच्या आधी फौजेचं डिस्चार्ज बुक, पीपीओ (पेन्शनचा आदेश) आणि आधार यांवरचं नाव एक करा, नंबर स्वतःचा द्या.

‘सरकार एक दिवस एमएच आणि पॉलिक्लिनिक एकाच सॉफ्टवेअरवर आणेल की, थांबू,’ असं दाजींचे एक मित्र म्हणाले. थांबण्याचा हिशेब अमेरिकेत बघून घ्यावा. तिथंही सैन्याचे दवाखाने वेगळे आणि माजी सैनिकांचं खातं वेगळं. माजी सैनिकांकडं व्हिस्टा नावाची स्वतःच घडवलेली जुनी प्रणाली, सैन्याकडं दुसरी. दोघांची मिळून एकच प्रणाली बांधायचा बेत २०१३ मध्ये सोडून दिला. मग सैन्यानं बाजारातलं सर्नर कंपनीचं सॉफ्टवेअर घेतलं, आणि २०१७ मध्ये माजी सैनिकांच्या खात्यानंही तेच घ्यायचं ठरवलं. पुढच्या वर्षीचा करार सुमारे १० अब्ज डॉलरचा. ऑक्टोबर २०२० मध्ये वॉशिंग्टन राज्यातल्या स्पोकेनला ते पहिल्यांदा सुरू झालं. तिथं असं झालं की डॉक्टरनं तपासणीचा किंवा रेफरलचा आदेश टाइप करायचा, कुठं पाठवायचा ते प्रणालीला उमगलं नाही की तो एका आडबाजूच्या यादीत जाऊन पडायचा. त्या यादीकडं बघणारं कुणी नाही. २०२२ मध्ये त्यांच्याच महानिरीक्षकांच्या अहवालात निदान १४९ रुग्णांना यातून इजा झाल्याचं आलं. एप्रिल २०२३ मध्ये नव्या ठिकाणी नेणं थांबवलं. सैन्याच्या बाजूनं मात्र मार्च २०२४ पर्यंत सगळीकडं ते बसवून झालं होतं. सॉफ्टवेअर तेच, घरं दोन.

या सगळ्या वर्षांत दोन्हीकडच्या डॉक्टरांचं रोजचं काम निभावलं ते मधल्या पुलांनी: तुझं तुझ्याकडं, माझं माझ्याकडं, लागेल तेवढं दाखव. आपली आभा त्याच जातीची. मला हीच वाट बरी वाटते. फक्त पुलावरून तेच येतं जे कुणीतरी गाडीत भरलंय.

सेहत ओपीडीचं थोडक्यात. २७ मे २०२१ पासून फौजी डॉक्टर व्हिडिओवर बघतात, नोकरीतल्यांना आणि पेन्शनवाल्यांना दोघांनाही, चिठ्ठी मोबाईलवर येते. बीपी-शुगरच्या गोळ्या विचारायला छान, जांबोटीच्या पुढं नेटवर्क सापडलं तर. मात्र समोरच्या डॉक्टरला जुनं काही दाखवायचं तर स्कॅन तुमच्याकडंच हवा.

तेव्हा माझा कौल असा. यंदा पेन्शनवर येणाऱ्यानं आधी कागद, त्यांची झेरॉक्स, त्यांचं स्कॅन, मग आभा. अक्काचं, म्हणजे दाजींच्या बायकोचं, गणित उलटं: तिचं नोकरीतलं मागचं काही नाही, पुढचं सगळं पॉलिक्लिनिक आणि रेफरलमध्ये जाणार, तिची आभा आजच काढावी. सत्तरी उलटलेल्या आबांसारख्यांना नव्यानं आभाच्या मागं लावण्यापेक्षा चालू औषधांचा एक स्वच्छ कागद पाकिटात ठेवलेला मला जास्त कामाचा वाटतो. ईसीजीची झेरॉक्स आणल्या दिवशीच काढायची. लॅमिनेशनचं तर नावच काढू नका.

दाजी गेल्या आठवड्यात घरी आले. ट्रंकेतून बोर्डाची प्रत निघाली, एका बाजूनं ओल लागलेली, पण वाचता येणारी. माजघरात उजेडाला धरून आम्ही फोटो काढत बसलो. तिसऱ्या पानावर अक्काचा अंगठा आला, नेमका टक्क्यांच्या आकड्यावर. ते पान पुन्हा काढलं.