मुलाच्या ताब्यासाठी हेबियस: सेवा जलद, पण सगळ्यांसाठी नाही

नवरा-बायकोच्या भांडणात एकाने मूल उचलून नेलं की सल्ला येतो, ‘हेबियस टाका.’ म्हणजे हेबियस कॉर्पस: बेकायदा ताब्यात ठेवलेल्या माणसाला कोर्टासमोर हजर करायला लावणारा अर्ज. या सेवेचा वेग खरा आहे. अनुच्छेद 226 खाली हायकोर्टात फौजदारी रिट, दोन न्यायमूर्तींसमोर. प्रेसिपी, म्हणजे सुनावणी लवकर घ्या अशी छोटी लेखी विनंती देऊन तातडीची तारीख मागता येते आणि मुलाला हजर करायचा आदेश थेट पोलिसांना जातो.

पण आधी प्रकरण त्यात बसतं का ते बघा. आईबाप दोघंही पालक, मग त्यांच्याकडचं मूल बेकायदा ताब्यात कसं? खंडपीठाचा पहिला प्रश्न हाच. मुंबई हायकोर्टातून वर गेलेल्या एका प्रकरणात आईच्या निधनानंतर मूल मावशीकडे होतं. हायकोर्टाने बापाला दिलेला ताबा 2019 मध्ये सर्वोच्च न्यायालयाने कायम ठेवला, पण सांगितलं की तपशीलवार चौकशी लागणार असेल तर 1890 च्या पालक व पाल्य कायद्याची वाट धरा. त्यामुळे रिट चालते ती मुख्यतः तीन ठिकाणी: कोर्टाचा ताब्याचा आदेश मोडलाय, पाच वर्षांखालचं मूल आईपासून तोडलंय, किंवा मूल तिसऱ्याच नातेवाइकाकडे आहे. परदेशातून आणलेल्या मुलाचं गणित वेगळं. एका देशातून दुसऱ्या देशात नेलेलं मूल परत पाठवण्याच्या 1980 च्या हेग करारात भारत नाही, त्यामुळे तिथल्या कोर्टाचा आदेश विचारात घेतला जातो, पण निर्णय मुलाच्या हितावर होतो.

अर्ज फसतात ते मसुद्यात. हुंडा, चारित्र्य, सासूचे टोमणे यांनी वीस पानं भरतात आणि मूल कोणत्या तारखेला, कुठून, कोणी नेलं हे मात्र सापडत नाही. जन्मदाखला, पासपोर्टची प्रत, शाळेचं ओळखपत्र, पोलीस तक्रारीची पोच आणि आधीचे सगळे आदेश जोडा. फॅमिली कोर्टातला चालू दावा लपवला तर समोरचा वकील पहिल्याच तारखेला तो काढतो आणि तुमची विश्वासार्हता संपते. पत्ता पोलीस ठाण्याच्या हद्दीसकट द्या. नाहीतर ‘मिळून आले नाही’ असा अहवाल येतो आणि तारीख वाया जाते. मूल कळत्या वयाचं असेल तर न्यायमूर्ती चेंबरमध्ये त्याच्याशी एकट्याने बोलतात. तिथे सात वर्षांचं पोर ‘मानसिक छळ’ म्हणालं, की पढवलंय हे कळायला वेळ लागत नाही.

बायकोला माहेरून नांदायला आणण्यासाठी मात्र शून्य गुण. सज्ञान बाईला कोर्ट विचारतं, कुठे जायचंय? ती माहेर म्हणाली की अर्ज निकाली. खरंच कोंडलं असेल तर फौजदारी प्रक्रियेच्या नव्या कायद्याच्या, म्हणजे भारतीय नागरिक सुरक्षा संहितेच्या कलम 100 खाली मॅजिस्ट्रेटकडून शोध वॉरंट मिळू शकतं. ते जवळचं आणि स्वस्त पडतं.

मूल हजर झालं त्याच दिवशी भेटीचे वार, व्हिडिओ कॉलची वेळ आणि पासपोर्ट कुठे जमा करायचा हे आदेशात मागून घ्या. कायमच्या ताब्याचा दावा पुढे फॅमिली कोर्टातच चालवावा लागतो.