अपघात क्लेमचे वकील, सातारा : आमचा अनुभव (५ पैकी ४ स्टार)

नाव टाकत नाहीये कारण वकिलांना जाहिरात चालत नाही, साहेबांनी स्वतःच सांगितलं की नाव टाकू नका. पण अनुभव लिहायलाच हवा, कारण आमच्यासारखे बरेच जण पहिल्याच पायरीवर हार मानतात.

जानेवारी २०२३, ऊसाचा सीझन. दादा रात्री साडेनऊला अकलूजहून बाईकवर येत होता, समोरच्या गाडीचा अप्पर डोळ्यावर आला आणि पुढे रस्त्यातच ऊसाची ट्रॉली उभी, पंक्चर झाली म्हणून तशीच सोडलेली. उजवी मांडी दोन ठिकाणी मोडली. आणि गुन्हा कुणावर, तर दादावरच! मागून धडकला म्हणजे चूक त्याची, विषय संपला.

आधी ज्या वकिलाकडे गेलो त्याने एफआयआर बघूनच सांगितलं, तुमचीच चूक दिसतेय, लोकअदालतीत जे मिळेल ते घ्या, त्यातले २५ टक्के माझे. वहिनी बाहेर येऊन जिन्यातच रडायला लागल्या.

मग या साहेबांकडे गेलो. त्यांनी एफआयआर बाजूला ठेवली आणि स्पॉट पंचनामा मागितला. म्हणाले, एफआयआर म्हणजे निकाल नाही, क्लेममध्ये फौजदारीसारखा पक्का पुरावा लागत नाही, जास्त शक्यता कुणाच्या बाजूने आहे ते ट्रिब्युनल (अपघात क्लेमचं कोर्ट) स्वतः बघतं. पंचनाम्याचा नकाशा टेबलावर पसरून त्यांनी पेन्सिलने दाखवलं, ट्रॉलीचं डावं चाक साईडपट्टीवर जेमतेम फूटभर, बाकी सगळी ट्रॉली डांबरावर. मागे दगड नाही, फांदी नाही, रिफ्लेक्टरचा उल्लेख नाही. वहिनींच्या भावाने त्या रात्री मोबाईलवर काढलेला एक फोटो होता, त्यात ऊसाचं वाढं (शेंड्याकडचा पाला) मागे पार खालपर्यंत लोंबत होतं, टेललाईट त्याच्या आड गेलेली. आम्ही तो फोटो डिलीट करणार होतो, बघवत नव्हता म्हणून.

अपघात अकलूजकडचा पण आपण राहतो तिथल्या ट्रिब्युनलमध्ये अर्ज चालतो, म्हणून साताऱ्यातच दाखल केला, ट्रॅक्टरचा मालक, ड्रायव्हर आणि इन्शुरन्स कंपनी तिघांना पार्टी करून. मुदतीचंही त्यांनी पहिल्याच दिवशी बजावलं, १ एप्रिल २०२२ नंतरच्या अपघाताला कायद्यात सहा महिने दिलेत, उगाच थांबू नका.

इन्शुरन्सवाल्यांचं एकच म्हणणं, काँट्रिब्युटरी निग्लिजन्स, अर्धी चूक दादाची. हे अर्धं म्हणजे किती ते साहेबांनी कागदावर मांडून दाखवलं तेव्हा डोक्यात शिरलं. दादाचं वेल्डिंगचं काम, महिना १८ हजार म्हणजे वर्षाला २ लाख १६ हजार, वय ३८ म्हणून मल्टिप्लायर (वयाप्रमाणे ठरलेला गुणक) १५, कामावर परिणाम ३० टक्के, झाले ९ लाख ७२ हजार. पुढची कमाई वाढेल त्याचे आणि औषधपाण्याचे वेगळे. अर्धी चूक मान्य केली की ४ लाख ८६ हजार जागेवर गेले!

उलटतपासात साहेबांनी ट्रॅक्टर ड्रायव्हरला साधंच विचारलं, पंक्चर किती वाजता झालं? तो म्हणाला सातला. म्हणजे अडीच तास ट्रॉली अंधारात उभी होती आणि कुणी मागे एक दगडसुद्धा ठेवला नाही. मी मागच्या बाकावर बसलो होतो, अंगावर काटा आला. वर त्यांनी सुप्रीम कोर्टाचा २०१८चा निकाल दिला, रस्त्यात बिनलाईटचा उभा गॅस टँकर आणि त्यावर धडकलेली कार, त्यातही कारवाल्याची चूक धरली नव्हती.

निकालात ट्रॉलीवाल्याची ८० टक्के आणि दादाची २० टक्के चूक धरली. स्पीड ६० होता असं दादाने स्वतःच खरं सांगितलं होतं. मला तेही २० टक्के पटत नाहीत पण दादा म्हणाला बास, खोटं बोलून नको होतं काही.

एक स्टार का कापला, तर साहेब फोन उचलत नाहीत. तारीख पुढे गेली हे दोनदा आम्हाला कोर्टात पोचल्यावर कळलं, आणि दादाला कुबड्यांवर दोन जिने चढायला लागले होते. क्लार्कचा नंबर घेऊन ठेवा, आदल्या दिवशी त्यालाच विचारा. फी मात्र ठरल्याप्रमाणेच घेतली, टक्केवारी नाही, आणि दर वेळी पावती दिली.

जाताना पंचनाम्याची कॉपी आणि त्या दिवशीचे सगळे फोटो घेऊन जा, कितीही वाईट वाटले तरी डिलीट करू नका.